रिटर्न गिफ्टऐवजी देणगी द्यायची आहे, पण आई तयार नाही

एका मुलीचा प्रश्न आहे, थोडक्यात सांगते. फेब्रुवारीत लग्न, साडेचारशे पाहुणे. रिटर्न गिफ्ट म्हणून स्टीलचे डबे वाटण्यात तिला आणि होणाऱ्या नवऱ्याला अर्थ वाटत नाही. माणशी १२० रुपये धरले तर ५४,००० होतात, ते एखाद्या संस्थेला द्यावेत असं दोघांनी ठरवलं आहे. आई म्हणते, "लोकांना रिकाम्या हाताने पाठवायचं का?" होणाऱ्या सासूबाई काही बोलत नाहीत, पण त्यांना रुचलेलं नाही हे कळतं. तिने तीन गोष्टी विचारल्या आहेत. प्रत्येक पाहुण्याच्या पानाशी "तुमच्या नावाने देणगी दिली" असं कार्ड ठेवावं का? आहेराऐवजी देणगी द्या असं पत्रिकेत छापावं का? आणि संस्था कशी निवडावी?

मी पुण्यात गेली एकोणीस वर्षं लग्नकार्यांची व्यवस्था बघते, कार्यालय ठरवण्यापासून दुसऱ्या दिवशी भांडी मोजून किल्ली परत करेपर्यंत. शिवाय अकरा वर्षं गावाकडून शिकायला येणाऱ्या मुलींच्या एका छोट्या वसतिगृहाची खजिनदार आहे. त्यामुळे लग्नातून देणगी निघते तेव्हाही मी तिथे असते आणि ती पोचते तेव्हा पावती फाडायलाही मीच असते. दोन्हीकडे जे पाहिलं त्यावरून लिहिते.

तुमचा विचार चांगला आहे, तो सोडू नका. फक्त प्रश्न तुम्ही मांडलाय तसा नाही. तुम्हाला वाटतंय की डबा द्यावा की देणगी, एवढाच वाद आहे. आई डब्याबद्दल बोलतच नाहीये. आपल्याकडे लग्नात पाहुण्याच्या हातात जे पडतं, त्याची दोन कामं असतात. एक, घरी न्यायची वस्तू. ही पद्धत अलीकडची आहे. मी काम सुरू केलं तेव्हा रिटर्न गिफ्ट हा शब्द मुलांच्या वाढदिवसाला ऐकू यायचा, लग्नात क्वचित. दुसरं काम जुनं आहे. दारात अत्तर लावणं, गुलाबपाणी शिंपडणं, सवाष्णीला हळदकुंकू आणि ओटी, वडीलधाऱ्यांना टॉवेल-टोपी, निघताना पानसुपारी. यात किंमत कोणी बघत नाही. तुम्ही आलात, तुम्हाला आम्ही पाहिलं, बरं वाटलं, एवढं त्यातून पोचतं.

पहिल्या कामाची जागा देणगी खुशाल घेऊ शकते. दुसऱ्याची घेऊ शकत नाही, कारण ते हाताने, एकेका माणसाशी करायचं असतं. हे दोन वेगळे केलेत की तुमच्या आईशी तुमचं भांडण उरत नाही, असं मला वाटतं. पुढचं सगळं यातूनच येतं.

कार्डाचं आधी सांगते, कारण तिथे माझं मत ठाम आहे: ठेवू नका. सहा वर्षांपूर्वीचं एक लग्न. मुलगा-मुलगी दोघंही मनाने फार चांगली. त्यांनी प्रत्येक पानाशी जाड, सुंदर कागदाचं कार्ड ठेवलं होतं, "आपल्या नावाने एका मुलाच्या एक दिवसाच्या जेवणासाठी देणगी देण्यात आली आहे." पंगत बसली. तिसऱ्या रांगेत नवरीच्या आईची मावशी होती, सत्तरीच्या पुढची, दोन एसट्या बदलून आलेली. तिने कार्ड उचललं, उलटं केलं, पुन्हा सुलटं केलं, पाकीट असेल म्हणून कडेने नख घालून बघितलं. मग मला हाक मारली. "बाई, काय लिहिलंय? चष्मा नाही माझ्याकडे." मी वाचून दाखवलं. ती म्हणाली, "माझ्या नावाने? मी कुठे काय दिलं?" आणि कार्ड पाण्याच्या भांड्याखाली सरकवून वरणभात कालवायला लागली. पंगत उठल्यावर मी मुलींबरोबर पानं उचलली. आमटीत भिजलेली, मठ्ठ्याचे गोल डाग पडलेली कार्डं पत्रावळींबरोबर गोळा झाली. ज्यांनी जपून घरी नेली असतील असे फार तर वीस-पंचवीस जण. त्या छपाईच्या पैशात आमच्या वसतिगृहाची आठवड्याची भाजी आली असती.

मावशींचा प्रश्न अगदी बरोबर होता. तिने काही दिलं नव्हतं. देणगी तुमची, समाधान तुमचं, पावतीही तुमचीच. ती पाहुण्याच्या नावावर चढवली की पाहुणा अवघडतो. त्याला भेटही मिळत नाही आणि दान केल्याचा आनंदही मिळत नाही. शिवाय तुम्ही निवडलेली संस्था त्याला मान्य असेलच असं नाही, आणि लग्नाच्या मांडवात कोणी तसं बोलून दाखवणार नाही. म्हणून "आम्ही दिलं" असं सरळ म्हणा. स्वागताच्या टेबलाशी एक साधा फलक पुरतो. "या कार्यानिमित्त भेटवस्तूंऐवजी आम्ही उभयतांनी अमुक वसतिगृहाला देणगी दिली आहे." खाली तुमची नावं. रक्कम लिहू नका. माइकवरून सांगायचं असेल तर एकाच वाक्यात, आणि अक्षता पडायच्या आधी अजिबात नाही. तो वेळ दुसऱ्या कशाचा आहे.

आता हिशेब. ५४,००० वाचतील असं तुम्ही धरलं आहे, पण भेटवस्तू माणशी देत नाहीत, घरटी देतात. साडेचारशे पाहुणे म्हणजे माझ्या अनुभवात दीडशे ते पावणेदोनशे घरं. १७० धरली तर १२० रुपयांप्रमाणे २०,४०० होतात. वस्तू न घेतल्याने एवढेच वाचणार आहेत. ५४,००० जरूर द्या, पण त्यातले ३३,६०० तुमच्या खिशातून जाणार, हे दोघांनी आधी बोलून ठेवा. लग्नाचा खर्च शेवटच्या आठवड्यात कसा फुगतो ते मी दर हंगामात बघते, आणि न ठरवलेला पैसा त्यात पहिला जातो.

त्याच कारणाने देणगी लग्नाच्या आधी द्या. हे मी खजिनदार म्हणून सांगते. एका स्वागत समारंभात आमच्या वसतिगृहाचं नाव घेऊन मोठी रक्कम जाहीर झाली, टाळ्या झाल्या. आम्ही त्या भरवशावर दुमजली पलंगांचं माप घेऊन ठेवलं. पैसे आलेच नाहीत. मांडववाल्याची, केटररची बाकी आधी भागली असेल, मग राहून गेलं असेल. वाईट हेतू होता असं मला आजही वाटत नाही. पण आपण होऊन त्यांना विचारणं आम्हाला जमलं नाही आणि मुली त्या वर्षी खाली गाद्या टाकून झोपल्या. फलकावर "देणार आहोत" नको, "दिली आहे" हवं, आणि ते छापायच्या आधी खरं झालेलं हवं.

मग मानाचं काय करायचं? एक वही घ्या आणि आईजवळ बसा. ज्यांच्या हातात काही दिल्याशिवाय कार्य पुरं झालं असं तिला वाटणार नाही, अशांची नावं तिला सांगू द्या. आजी-आजोबा, आत्या, मामा-मामी, करवल्या, विहीणबाई आणि त्यांच्याकडच्या मानाच्या बायका, गुरुजी, घरी कामाला येणाऱ्या मावशी. पंचवीस ते चाळीस नावं निघतात. त्यांचं जे रीतीचं असेल ते करा, ऐपतीत करा, पण मनापासून करा. देणगीचं कारण सांगून या यादीला कात्री लावू नका.

ती कात्री लावलेली मी पाहिली आहे. मुलीच्या वडिलांनी माइकवर सांगितलं की आम्ही मानपान बंद केलंय, सगळं अनाथाश्रमाला दिलंय. समोरच मुलाची आत्या बसली होती. लवकर विधवा झालेली, भावाच्या घरातच राहून या मुलाला लहानाचा मोठा केलेली. तिला साडीची आस नव्हती. नाव घेऊन पुढे बोलावतील, कुंकू न लावता का होईना पण हातात नारळ देऊन नमस्कार करतील, याची ती वाट बघत होती. मी बाजूला उभी होते, तिने पदर सारखा केला आणि परत बसली ते मला दिसलं. विहीणपंगतीत ती जेवली नाही. पैसा चांगल्या ठिकाणी गेला हे खरंच आहे. पण तो एका बाईच्या वाट्याचा मान काढून गेला, आणि तिला कोणी विचारलंही नव्हतं.

एक फरक मात्र ठेवा. आपण होऊन केलेला मान वेगळा आणि समोरून यादी पाठवून मागितलेलं मानपान वेगळं. इतक्या साड्या, अमुक काठाच्या, जावयाला अंगठी, असं कोणी मागत असेल तर तो मान नव्हे. लग्नाच्या निमित्ताने अशी मागणी करणं हा १९६१ च्या हुंडा प्रतिबंधक कायद्याखाली गुन्हा आहे, आणि तिथे देणगीची सबब पुढे करून मधला मार्ग काढायची गरज नाही. सरळ नाही म्हणावं.

किती मोकळीक मिळेल हे परिस्थितीवर आहे, हेही कबूल करते. शहरात, कार्यालयात, दोन्ही घरं अर्धा-अर्धा खर्च करत असतील तर हे सगळं सोपं जातं. गावात भावकी जेवायला येते, तिथे टॉवेल-टोपी टाळली तर ती का टाळली हे चार गावांत पोचतं, देणगीची बातमी मात्र पोचत नाही. अशा ठिकाणी मी म्हणते, टॉवेल-टोपी राहू द्या. स्वागत समारंभ शहरात वेगळा करणार असाल तर भेटवस्तू तिथल्या वगळा. आणि खर्च एकाच घराचा असेल तर त्या घराच्या पूर्ण संमतीशिवाय काहीच जाहीर करू नका.

सासूबाई गप्प आहेत असं तुम्ही लिहिलंय. त्यांच्याकडे होकार मागायला जाऊ नका, संस्था सुचवायला सांगा. माझ्या कामात इतका उपयोगी पडलेला दुसरा उपाय नाही. एका विहीणबाईंना असंच विचारलं तेव्हा त्या बराच वेळ काही बोलल्या नाहीत. मग म्हणाल्या की त्यांचे वडील पुण्यात वार लावून शिकले, सोमवारी एका घरी, मंगळवारी दुसऱ्या, आणि गुरुवारचं घर मिळालं नव्हतं म्हणून गुरुवारी ते उपाशी असायचे. त्यांनी मुलांच्या एका वसतिगृहाचं नाव सांगितलं आणि लग्नाआधी चेक घेऊन स्वतः गेल्या. पुढे लग्नात पाहुण्यांना त्या फलकाजवळ त्याच घेऊन जात होत्या. देणगी "मुलांची कल्पना" राहिली नाही, त्यांच्या वडिलांची झाली.

आणि हे बाहेरून आलेलं खूळ आहे असं कोणी म्हणालं तर आपल्याकडची माणसं आठवून द्या. जोतीराव फुल्यांनी १८७३ मध्ये सत्यशोधक समाज काढला आणि त्याच वर्षी त्या पद्धतीचं पहिलं लग्न लागलं, भटजीविना आणि डामडौलाविना. रयत शिक्षण संस्था १९१९ मध्ये सुरू झाली. पुढे साताऱ्याच्या बोर्डिंगमधली मुलं उपाशी राहू नयेत म्हणून भाऊराव पाटलांच्या पत्नी लक्ष्मीबाईंनी अंगावरचे दागिने दिले, शेवटी मंगळसूत्रही. तुमच्या आईला ही गोष्ट बहुतेक शाळेपासून माहीत असेल.

आता आहेर. "आहेराऐवजी संस्थेला देणगी द्या" असं पत्रिकेत छापू नका. आहेर म्हणजे नुसते पैसे नाहीत, ती फेड असते. तुमच्या घरात आहेराची वही असेल, कोणाकडून किती आले याची. तुमच्या आईने कुणाच्या मुलीच्या लग्नात ५०१ घातले होते, त्या बाई आज ते परत करायला येणार आहेत. त्यांना "आम्हाला नको, तिकडे द्या" म्हटलं तर त्यांचं देणं तसंच राहतं, आणि काही माणसांना ते फार लागतं. आहेर नकोच असेल तर "आहेर आणू नये" एवढंच छापा, त्याची लोकांना आता सवय आहे. नाहीतर आहेर नेहमीसारखा घ्या, वहीत लिहा, आणि नंतर त्यातलं जे द्यायचं ते दोघांनी शांतपणे द्या. लग्नानिमित्त नवरा-नवरीला मिळालेल्या भेटींवर आयकर लागत नाही, त्यामुळे त्यातही अडचण नाही. मला हाच मार्ग सगळ्यात चांगला वाटतो.

तरीही काही मित्रमंडळी विचारतातच की आम्हालाही द्यायचंय, कुठे देऊ? त्यांच्यासाठी संस्थेचाच क्यूआर कोड फलकावर ठेवा. स्वतःच्या यूपीआयवर गोळा करून मग पुढे पाठवू, असं करू नका. गणपती मंडळांना वर्गणीसाठी धर्मादाय आयुक्तांकडून ४१ सी कलमाखाली परवानगी काढावी लागते हे तुम्ही ऐकलं असेल. नोंदणीकृत संस्था नसताना धर्मादाय कामासाठी लोकांकडून पैसे जमवण्याबद्दलचंच ते कलम आहे. तुम्हाला त्या वाटेला जायचं कारण नाही. पैसे थेट संस्थेकडे गेले की ज्याची त्याची पावतीही ज्याला त्याला मिळते.

परदेशातले पाहुणे असतील तर आणखी एक काळजी घ्या. भारतीय पासपोर्ट असलेला भाऊ अमेरिकेत नोकरी करून स्वतःच्या बचतीतून देत असेल तर ती परदेशी देणगी धरत नाहीत. पण तिथलं नागरिकत्व घेतलेला काका, त्याच्याकडे ओसीआय कार्ड (परदेशी नागरिक झालेल्या भारतीय वंशाच्या लोकांना मिळणारं) असलं तरी, कायद्याने परदेशी देणगीदार ठरतो. त्याचे पैसे फक्त एफसीआरए, म्हणजे परदेशी देणग्यांच्या कायद्याखाली, नोंदणी असलेली संस्था घेऊ शकते, तेही स्टेट बँकेच्या दिल्लीतल्या मुख्य शाखेत त्यासाठी उघडलेल्या खात्यात. आमच्यासारख्या छोट्या वसतिगृहांकडे ती नोंदणी बहुधा नसते. काकांनी प्रेमाने पाठवलेले पैसे आम्हाला परत करावे लागले आहेत, आणि ते फोनवर समजावून सांगताना फार वाईट वाटतं. क्यूआर लावण्याआधी संस्थेला हे विचारून घ्या.

संस्था निवडताना मोठं नाव शोधू नका. मोठ्या संस्थांचं काम मोठंच आहे, त्यांना दिलेला पैसा वाया जात नाही. पण २०,००० रुपयांनी छोट्या संस्थेचा एखादा महिना निघतो. आणि तुम्हाला तिथे जाऊन बघता येतं, हे मला जास्त महत्त्वाचं वाटतं. दोघांनी मिळून जा. नोंदणी क्रमांक विचारा. महाराष्ट्रातल्या सार्वजनिक न्यासांची नोंदणी १९५० च्या कायद्याने धर्मादाय आयुक्तांकडे होते, पावतीवर बहुधा ई किंवा एफ अक्षरापासून सुरू होणारा क्रमांक छापलेला असतो. मागच्या वर्षीचे लेखापरीक्षित हिशेब बघायला मागा. मला कोणी मागितले तर आनंद होतो, कारण मागणारा माणूस पुढच्या वर्षीही येतो. हिशेब मागितल्यावर जिथे चेहरे बदलतात तिथे देऊ नका.

आणि एकच प्रश्न विचारा, "तुमचा कुठल्या गोष्टीसाठी पैसा कमी पडतो?" उत्तर ऐकून आश्चर्य वाटेल. लग्नसराईत आमच्याकडे ब्लँकेटं येतात, केक येतात, कुणीतरी मिठाईचे खोके आणून ठेवतं. एका मे महिन्यात कपाटात एकतीस ब्लँकेटं होती आणि मुली चोवीस. त्याच महिन्यात स्वयंपाकाच्या बाईंचा पगार आठ दिवस उशिरा झाला. वीजबिल, स्वयंपाकीण, जूनमध्ये कॉलेजची फी भरायला आठशे-हजार कमी पडणारी मुलगी, संडासाच्या टाकीची दुरुस्ती, यासाठी कोणी देणगी देत नाही, कारण त्याचा फोटो येत नाही. तुम्ही देताना "जिथे गरज असेल तिथे वापरा" असं लिहून दिलंत तर त्या रकमेची किंमत आमच्यासाठी दुप्पट होते. वस्तू द्यायचीच असेल तर आधी विचारा.

फोटोवरून आठवलं. संस्थेतल्या मुलांना लग्नात जेवायला बोलावून रांगेत बसवू नका आणि त्यांचे फोटो फलकावर लावू नका. बालगृहातल्या मुलांची ओळख उघड करण्यावर २०१५ च्या बाल न्याय कायद्याच्या कलम ७४ ने बंदी आहे. कायदा बाजूला ठेवला तरी, सातवीतल्या मुलीला कळतं की आपल्याला कशासाठी आणलंय. मुलांना जेवण द्यायचं असेल तर त्यांच्या घरी, म्हणजे संस्थेत, नेहमीच्या वेळेला गोडाचं जेवण द्या. तुम्ही दोघं नंतर कधीतरी जाऊन त्यांच्या पंगतीला बसा. ते त्यांना आवडतं.

कराचं थोडक्यात. संस्थेला ८०जीची मान्यता असेल तर देणाऱ्याला साधारण देणगीच्या निम्म्या रकमेची वजावट मिळते, तीही उत्पन्नाच्या ठरावीक मर्यादेत. मुख्यमंत्री सहायता निधीसारख्या काही निधींना पूर्ण रकमेची मिळते. नव्या करप्रणालीत ही वजावट नाही, आणि आता बहुतेक पगारदार नव्यातच आहेत, त्यामुळे आधी आपण कुठल्या प्रणालीत आहोत ते बघा. २,००० रुपयांवरची रोख देणगी वजावटीला धरत नाहीत, वस्तूरूपाने दिलेलं तर धरतच नाहीत. ज्याच्या खात्यातून पैसे जातील त्याच्याच नावाने पावती निघते, म्हणून बाबा जुन्या प्रणालीत असतील आणि पैसे तेच देणार असतील तर चेक त्यांचा आणि पॅन नंबरही त्यांचाच द्या. पावतीशिवाय संस्थेकडून वर्षअखेरीनंतर देणगीचं प्रमाणपत्र मिळतं, आतापर्यंत ते दहा-बीई नमुन्यात येत आलं आहे. ते जूनच्या सुरुवातीला मागून घ्या. १ एप्रिल २०२६ पासून नवा आयकर कायदा लागू झाल्यामुळे कलमांचे क्रमांक बदलले आहेत, तेव्हा पावतीवर ८०जी हेच नाव दिसलं नाही तर घाबरू नका, संस्थेला विचारा. वजावट मिळणार नसेल म्हणून देणगी कमी करू नका, एवढीच माझी विनंती.

राहिला आईचा रिकाम्या हाताचा प्रश्न. तो मी शेवटी ठेवला, कारण बाकीचं ठरलं की हा सोपा होतो. गेल्या वर्षी एका लग्नात नवरीची आई मला म्हणाली, "डबे नकोत हे पटलं, पण मी दारात नुसती हात जोडून उभी राहू का?" आम्ही दाराशी एक छोटं टेबल मांडलं, वर पांढरी चादर, परातीत तिळाच्या वड्या. ती स्वतः उभी राहिली. प्रत्येकाच्या हातावर एक वडी ठेवायची आणि "सावकाश जा" म्हणायची. म्हाताऱ्या माणसांना दोन द्यायची. तास-सव्वातास ती तिथून हलली नाही. भेटवस्तू का नाही, असं कोणीही विचारलं नाही, कारण प्रत्येकाला यजमानीणबाई भेटल्या होत्या.

तुमचं लग्न फेब्रुवारीत आहे. रथसप्तमी मागेपुढे झाली तरी तिळगुळाला कोणी नको म्हणत नाही. साडेचारशे वड्या घरी होणार नाहीत, तुमच्या भागातल्या एखाद्या महिला बचत गटाला जानेवारीच्या पहिल्या आठवड्यातच सांगून ठेवा, संक्रांतीच्या गर्दीत त्यांना नंतर ऑर्डर घेता येत नाही. आणि परात आईच्या हातात द्या.